हरवलेल्या सामानाच्या खिडकीतली बाई

चिमणीताईंनी आयुष्यात कुणाला घाबरवलं नव्हतं. जमलंच नव्हतं म्हणा ना. आवाजच तसा होता. फोन उचलून त्या "हॅलो" म्हणाल्या की पलीकडचा माणूस हमखास म्हणायचा, "बाळा, आईला बोलव." साठी आली तरी हेच. कार्टूनला आवाज देण्याच्या धंद्यात मात्र याच आवाजानं त्यांना हात दिला होता. ससे झाले, खारी झाल्या, सर्दी झालेला ढग झाला, आणि मग एक चिमणी आली. ती मालिका इतकी वर्षं चालली की ताईंचं खरं नाव फक्त बँकेला आणि नवऱ्याला आठवत होतं. त्यातही नवऱ्याला जरा वेळ लागायचा.

त्यामुळे दिग्दर्शकाचा फोन आला आणि तो म्हणाला, "ताई, माझ्या नव्या सिनेमात एक खलनायिका आहे," तेव्हा त्यांनी सहज विचारलं, "कोण करतंय?"

"तुम्ही."

"अरे, मी कुणावर रागावले तर लोक मला चॉकलेट देतात!"

दिग्दर्शक हसला नाही. तो कधीच हसत नसे. लहान मुलांचे सिनेमे काढणारा तो तरुण माणूस बारा महिने आत्ताच काहीतरी वाईट कळल्यासारखा दिसायचा. दुसऱ्या दिवशी त्यानं ताईंना स्टुडिओत बोलावलं, चहा मागवला आणि गोष्ट सांगितली.

एक मोठं रेल्वे स्टेशन आहे. त्याच्या तळघरात हरवलेल्या सामानाची खिडकी आहे. आजोबांची विसरलेली छत्री शोधायला एक बहीण-भाऊ आणि त्यांचा कुत्रा तिथे जातात, आणि त्यांच्या लक्षात येतं, की या खिडकीमागे नुसत्या छत्र्या नाहीत. मुलंही आहेत. स्टेशनावर घटकाभर ज्यांचा हात सुटला ती सगळी मुलं तिथे फळ्यांवर ओळीनं बसली आहेत. मनगटाला चिठ्ठी बांधलेली. आणि वर फलाटावर त्यांच्या आया एकदम थबकतात. काहीतरी विसरलं, असं त्यांना वाटतं. पर्स बघतात, तिकीट बघतात, चष्मा चाचपतात. सगळं जागच्या जागी असतं. मग गाडीत चढून निघून जातात.

ताईंचं बिस्किट चहात पडलं.

"आणि ती बाई असं का करते?"

"तिला लहानपणी कुणीतरी त्याच खिडकीवर ठेवून गेलं होतं. आत्ता येतो म्हणून."

"हा लहान मुलांचा सिनेमा आहे?"

"सहकुटुंब बघण्याचा."

"कुणाच्या कुटुंबानं?" ताई म्हणाल्या. पण हो म्हणाल्या. सशांचा त्यांनाही कंटाळा आला होता.

तालीम घरीच सुरू झाली. न्हाणीघरात आवाज छान घुमतो म्हणून ताई दार लावून आत उभ्या राहायच्या, पोटातून गुरगुरायच्या, आणि मग जीव खाऊन ओरडायच्या, "कुणीच येणार नाही तुला न्यायला! कुणीच नाही! हा हा हा हा!"

नवरा भूगोलाचा निवृत्त शिक्षक, डाव्या कानानं बहिरा. तो बाहेरून विचारायचा, "कोण येणार नाही? प्लंबर? मी म्हटलंच होतं तुला!"

तिसऱ्या की चौथ्या दिवशी वरच्या मजल्यावरची शेजारीण दारात येऊन उभी राहिली. ताईंना मेल्याहून मेल्यासारखं झालं. न्हाणीघराची खिडकी आणि वरच्यांच्या स्वयंपाकघराची खिडकी एकाच बोळात उघडते, हे त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं.

"माफ करा हं, माझं काम आहे ते, मी खिडकी लावून..." त्या पुटपुटल्या.

"छे छे, लावू नका काकू!" शेजारीण घाईघाईनं म्हणाली. "आमचा धाकटा दोन वर्षांत पहिल्यांदा घटाघटा दूध प्यायलाय. उद्या सकाळीही ओरडाल का?"

यशाचा हा पहिला शेरा घेऊन ताई स्टुडिओत गेल्या. काचेपलीकडे दिग्दर्शक, त्याच्या शेजारी ध्वनिमुद्रक आणि मागच्या सोफ्यावर निर्माते. या निर्मात्यांचा मूळ धंदा गाद्यांचा. तीन मजली कारखाना होता. सिनेमात पैसा घालायची त्यांची ही पहिलीच वेळ, आणि प्रत्येक गोष्टीत ते गादी आणायचे.

ताईंनी कानाला हेडफोन लावले, घसा खाकरला आणि न्हाणीघरातलं सगळं बाहेर काढलं. गुरगुरल्या, फिस्कारल्या, खदाखदा हसल्या. हसता हसता ठसका लागला, तोही त्यांनी भयानक केला.

"व्वा!" निर्माते सोफ्यावरून उठले. "याला म्हणतात खलनायिका! लांबून ओळखू आली पाहिजे. मुलं थोडी घाबरतील, मग हसतील, घरी जाऊन गाढ झोपतील. माझा गाद्यांचा धंदा आहे, माझ्याच सिनेमानं लोकांची झोप उडाली तर बरं दिसेल का?"

निर्माते गेल्यावर दिग्दर्शक काचेला वळसा घालून आत आला आणि ताईंच्या समोरच्या स्टुलावर बसला.

"ताई, वाईट वाटून घेऊ नका. पण ती घाबरवत नाहीये हो कुणाला."

"मग काय करतेय?"

"सांभाळतेय."

"चोरलेली मुलं?"

"तिच्या लेखी टाकून दिलेली. ती चोर आहे हे तिला सोडून सगळ्यांना माहीत आहे."

ताईंना पटलं, पण ते घशातून काढायचं कसं, हे कळेना. आठवडाभर हेच चाललं. हळू बोलल्या तर चिमणी यायची. जोरात बोलल्या तर न्हाणीघर. घसा पार बसला. चित्रकारांनी बाईचं चित्रही तसंच काढून ठेवलं होतं, आकड्यासारखं नाक आणि हातभर नखं. रोज त्या नाकाकडे बघून ताईंचा उरलासुरला धीर सुटायचा.

अशाच एका दुपारी त्या दमून घरी आल्या, मिठाच्या गरम पाण्यानं गुळण्या केल्या आणि खुर्चीत टेकल्या. नवरा पेपर वाचता वाचता पेंगत होता. घरात गार, शांत होतं. आणि ताईंना एकदम वाटलं, आपण काहीतरी विसरलोय.

त्यांनी पर्स बघितली. किल्ल्या होत्या. चष्मा चाचपला. तो डोळ्यावरच होता. गॅस बंद होता. सगळं जागच्या जागी होतं. बरं, म्हणून त्यांनी पुन्हा पेला उचलला आणि घोट तोंडात घेतला. तो तिथेच राहिला.

नात!

मुलगी दवाखान्यात नोकरीला, जावई फिरतीवर. नातीला शाळेतून आणायचं काम ताईंचं. शाळा सुटायची वेळ केव्हाचीच उलटून गेली होती. मुलीला फोन करावा तर पहिला प्रश्न येणार "कुठाय ती?" आणि त्याचं उत्तर ताईंकडे नव्हतं. त्या घरातल्या चपलांनीच धावत सुटल्या. वाटेत दोनदा चप्पल निघाली. छातीचा भाता झाला. "मी विसरले" एवढंच डोक्यात. आणि त्याहून वाईट म्हणजे, विसरल्यावर किती छान वाटत होतं मघाशी!

शाळेचं आवार ओकंबोकं. वर्गांना कुलपं. फक्त जिन्याखालच्या अडगळीच्या खोलीचं दार किलकिलं होतं. आत मुलांनी वर्षभरात विसरलेल्या वस्तूंचा ढीग होता: पाण्याच्या बाटल्या, डबे, एकेकटे मोजे. त्या ढिगात एका बाकावर नात बसली होती. अंगात कुणाचातरी ढगळ स्वेटर. हातात बाटल्यांची झाकणं, रंगांप्रमाणे लावलेली. आणि तिच्या मागे शाळेतल्या मावशी, तिचे केस विंचरत होत्या.

"येतील हं," मावशी म्हणत होत्या. आवाज अगदी मऊ. "आणि नाही आले तर? नाही आले तर आपण दोघी. मला काय, मला बरंच आहे."

"मग हा स्वेटर मी ठेवू?" नातीनं विचारलं.

"ठेव की. कुणाचाच नाहीये आता तो."

ताई दारात उभ्या होत्या. अंगावर सरसरून काटा आला. त्या बाईनं काही वाईट केलं नव्हतं. उलट घरी जायचं सोडून परक्या पोरीपाशी थांबली होती. पण कंगवा किती सावकाश फिरत होता! घाई म्हणून कशाची नव्हती.

मावशींनी वर पाहिलं. ताईंना बघून त्या हसल्या, पण हसण्याआधी पापणी लवते तेवढ्यात काहीतरी चेहऱ्यावरून उतरून गेलं.

"आलात होय," त्या म्हणाल्या.

ताईंनी त्यांचे हात हातात घेऊन दहादा आभार मानले. रस्त्यात नातीला इतकं घट्ट धरलं की ती कुरकुरली. "आजी, हात दुखतोय. आणि तू एवढी रडतेस काय? मला मज्जा आली. उद्यापण उशिरा ये ना."

दुसऱ्या दिवशी ताईंनी ध्वनिमुद्रकाला सांगितलं, "माइक जवळ आण. मी हळू बोलणार आहे."

ध्वनिमुद्रक धिप्पाड गडी. आजवर त्यानं भुतं, खुनी, चेटकिणी असे नाना आवाज टेपवर घेतले होते आणि ते घेताना बिस्किटाचा पुडा संपवला होता. त्यानं माइक जवळ आणला. ताई स्टुलावर बसल्या, डोळे मिटले. मग समोरच्या जाळीलाच मूल समजून, तिचे केस विंचरल्यासारखा हात हलवत बोलू लागल्या.

"रडू नकोस. येतील हं. आणि नाही आले तर? नाही आले तर आपण दोघी. बघ, इथे थंडी नाही, अभ्यास नाही. आई वर आहे ना, ती आत्ता पर्स बघतेय. बघू दे तिला. काही राहिलं नाही, असंच वाटणार आहे तिला... मलाही वाटायचं गं, पावलं वाजली की आपलेच आले म्हणून. मग सवय झाली. तुलाही होईल."

बोलणं संपलं. काचेपलीकडे बिस्किटाचा पुडा न फोडता तसाच पडलेला. मग ध्वनिमुद्रक उठला, बाहेर गेला आणि दार उघडंच राहिल्यामुळे त्याचं बोलणं आत ऐकू आलं, "हॅलो, बाळ कुठाय? समोर आहे ना? नाही गं, सहज विचारलं."

दिग्दर्शकाच्या चेहऱ्यावर त्या दिवशी पहिल्यांदा हसूसारखं काहीतरी दिसलं. चित्रकारांनी आवाज ऐकून आकडेनाक पुसलं, नखं कापली. त्या जागी स्वेटर घातलेली, अंबाड्यात पेन्सिल खोचलेली एक साधी बाई आली. कुठल्याही खिडकीत दिसेल अशी.

निर्मात्यांना ऐकवलं तेव्हा त्यांचा चेहरा नव्या चादरीसारखा पांढरा झाला.

"गाळा," ते म्हणाले.

"काय गाळू?" दिग्दर्शकानं विचारलं.

"हे सगळं! मला तिची भीती पण वाटतेय आणि दया पण येतेय. एका तिकिटात दोन दोन कशाला? ती आधीची ओरडणारी बाई कुठे गेली? ती चांगली होती!"

"ती खोटी होती, साहेब."

"अहो, गादीतला कापूस पण लोकांना दाखवत नाही आपण! वर फुलाफुलांचं कापड घालतो!"

बराच वेळ घासाघीस झाली. शेवटी ठरलं, की शाळेतली मुलं बोलावून अर्धवट सिनेमाच त्यांना दाखवायचा. मुलं घाबरून पळाली तर ओरडणारी बाई परत.

एका सुट्टीच्या दुपारी छोटं थिएटर मुलांनी आणि पालकांनी भरलं. सिनेमातले निम्मे प्रसंग अजून नुसत्या पेन्सिलीच्या रेघांत होते. कुत्र्याला एका दृश्यात रंग होता, पुढच्यात नव्हता. मुलांनी त्याची काडीचीही पर्वा केली नाही. ताई नातीला घेऊन सगळ्यांत मागे बसल्या. निर्माते दारापाशी उभे राहिले, पळणारी मुलं मोजायला.

कुत्र्याच्या करामतींना थिएटर दणाणून गेलं. मग फलाटावरच्या आईचा प्रसंग आला. पडद्यावर तिनं पर्स बघितली, तिकीट बघितलं. हशा एकदम थांबला. तिसऱ्या रांगेतला एक बाप ताडकन उभा राहिला, आपली मुलं मोजली, एकच भरली, तेव्हा त्याला आठवलं की आपल्याला एकच आहे, आणि तो ओशाळून खाली बसला. पुढे खिडकीतली बाई बोलू लागली. नातीनं आजीच्या मांडीत तोंड खुपसलं. "आजी, गप्प बस ना!" ती कुजबुजली. ताईंनी खरोखरच तोंडावर हात ठेवला.

पण पळालं कुणी नाही. दोन बाबा तेवढे पाणी प्यायला बाहेर गेले.

शेवटी मुलं सुटली, आया धावत आल्या, आणि कुत्र्यानं ढकललेल्या भल्यामोठ्या ट्रंकेत बाई पडली. झाकण बंद. ट्रंक सामानाच्या सरकत्या पट्ट्यावरून अंधारात निघून गेली. पडद्यावर सगळे नाचले. थिएटरात दिवे लागले.

कुणी टाळी वाजवली नाही. कुणी उठलंही नाही.

"संपला बाळांनो!" निर्माते पुढे येऊन म्हणाले. "घरी चला! बाहेर आइस्क्रीम आहे!"

पुढचे दोन दात पडलेली एक मुलगी खुर्चीवर उभी राहिली. "पण तिला न्यायला कोण येणार?"

"कुणाला?"

"त्या बाईला. ट्रंकेतनं."

"कुणी नाही! वाईट बाई आहे ती! तिनं मुलं चोरली!"

"हो, ते वाईटच केलं," मुलगी समजुतीनं म्हणाली. "पण तिला लहानपणी कुणी न्यायलाच आलं नव्हतं ना."

आणि मग जो गलका उडाला! ट्रंकेला भोकं आहेत का? श्वास कसा घेणार? तिला शिक्षा करा, पण अंधारात नको. महिनाभर टीव्ही बंद करा तिचा. एक जण म्हणाला, आमच्या माळ्यावरची खोली रिकामी आहे, बाबांना विचारतो. त्याच्या बाबांनी न विचारताच मान हलवली, नाही म्हणून. त्यावर त्यानं भोकाड पसरलं.

निर्मात्यांना घाम फुटला. "अरे पण ते चित्र आहे!" ते हात जोडून म्हणाले. "नुसतं चित्र! पेन्सिलीनं काढलेलं!"

"मग पुसा," मागून एक मुलगा म्हणाला.

गादीच्या धंद्यात असं गिऱ्हाईक निर्मात्यांना भेटलं नव्हतं. काही सुचेना म्हणून त्यांनी मागच्या रांगेकडे बोट केलं. "हे बघा, ती बाई इथेच आहे! अगदी सुखरूप! बाई, या हो पुढे, जीव वाचवा माझा!"

ताईंना पुढे नेऊन उभं केलं. ठेंगणीठुसकी आजी, खांद्याला पिशवी. "नमस्कार मुलांनो," त्या चिमणीच्या आवाजात म्हणाल्या.

"ही नाही ती," मुलांनी एका सुरात निकाल दिला.

मग ताईंनी पिशवी खाली ठेवली, डोळे मिटले आणि हळूच म्हणाल्या, "मीच आहे रे. मी कुठे जाणार?"

निम्मं थिएटर खुर्च्यांखाली गेलं. निर्माते दोन पावलं मागे सरले. सगळीकडे चिडीचूप झालं, आणि त्या शांततेत कुठल्याशा खुर्चीखालून एक बारीक आवाज आला, "मग घरी चल ना."

याचं उत्तर कुणी लिहून दिलेलं नव्हतं. त्या बाईला घर असं नव्हतंच. कुणीही, दिग्दर्शकानंसुद्धा, ते ठरवलेलं नव्हतं.

"पत्ता माहीत नाही रे मला," त्या म्हणाल्या, आणि हा आवाज चिमणीचा की खिडकीतल्या बाईचा, त्यांचा त्यांनाच कळला नाही.

निर्मात्यांनी खिशातून रुमाल काढला, नाक शिंकरलं आणि दिग्दर्शकाकडे वळून खेकसले, "बघताय काय? पुसा ती ट्रंक!"

ट्रंक पुसली गेली. नव्या शेवटावर पुन्हा भांडणं झाली. शिक्षा काहीतरी झालीच पाहिजे, यावर निर्माते अडून बसले. शेवटी बाईनं प्रत्येक मुलाच्या मनगटावरची चिठ्ठी स्वतःच्या हातानं सोडून त्याला वर पोचवायचं, आणि त्यानंतर जन्मभर चौकशीच्या खिडकीत बसून लोकांच्या गाड्यांच्या वेळा सांगायच्या, असं ठरलं. मुलांना पुन्हा दाखवलं तेव्हा ही शिक्षा भरपूर कडक आहे असं त्यांचं मत पडलं. मात्र सुट्टीच्या दिवशी ती बहीण-भावाच्या घरी जेवायला येते, एवढं त्यात घालावं लागलं. ते दृश्य बोलताना ताईंना सात वेळा हुंदका आला आणि ध्वनिमुद्रकानं सात वेळा पहिल्यापासून घेतलं, तेही तक्रार न करता.

सिनेमा लागला. काही पालकांनी रागावून पत्रं लिहिली. त्यांचीच मुलं दुसऱ्यांदा बघायला आली. "मी सुरुवातीपासून म्हणत होतो, मुलांना खोटी भीती चालत नाही," असं निर्माते मुलाखतींत सांगू लागले. त्यांनी खाली कुणी लपायला पोकळीच नसलेला, जमिनीला टेकलेला मुलांचा पलंग बाजारात आणला आणि तो हातोहात खपला.

ताई एकदा कुणाला न सांगता, तिकीट काढून, भरल्या थिएटरात जाऊन बसल्या. फलाटावरचा प्रसंग आला तशी पुढच्या रांगेतल्या एका बाईनं पडद्यावरची नजर न काढता बाजूला हात लांब केला आणि शेजारच्या मुलाचा हात घट्ट पकडला. मूल तिचं नव्हतं. पलीकडच्या खुर्चीवरल्यांचं होतं. तिचं स्वतःचं दुसऱ्या बाजूला खुशाल पॉपकॉर्न खात होतं. पण त्या परक्या पोरानं हात सोडवला नाही, त्याच्या आईनंही काही म्हटलं नाही, आणि मध्यंतराचे दिवे लागेपर्यंत ती तिघं तशीच बसून राहिली.